अलेना व्रझान्योवा: दोनदा विश्वविजेती, तरी ऑलिंपिक पदक का नाही?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. मुलगी रोलरवर आर्टिस्टिक स्केटिंग करते, सर तिच्याकडून रोज वर्तुळं गिरवून घेतात आणि ती त्याला कंटाळली आहे. जुन्या विजेत्यांबद्दल वाचताना तुम्हाला अलेना व्रझान्योवा हे चेक नाव सापडलं, १९४९ आणि १९५० ची विश्वविजेती. तिला ऑलिंपिक पदक का मिळालं नाही, पुढे तिचं काय झालं, वर्तुळांचा तिला खरंच उपयोग झाला का आणि तिच्यानंतर त्या देशातून कोण पुढे आलं, हे तुम्हाला जाणून घ्यायचं आहे.

पदकाचं उत्तर एका वाक्यात देता येतं. १९४८ च्या ऑलिंपिकला ती १६ वर्षांची होती आणि पाचवी आली. १९५२ च्या ऑलिंपिकला ती २० वर्षांची होती, ऐन भरात होती, पण तिला पाठवणारा देशच उरला नव्हता. तिने देश सोडला होता आणि पोटासाठी व्यावसायिक आइस शोमध्ये ती स्केटिंग करत होती. तेवढ्यावर थांबलं तर मात्र तिच्यावर अन्याय होईल. तिच्याबद्दल जिथे जिथे लिहिलेलं सापडतं तिथे ‘पळून गेलेली विजेती’ हीच ओळख पुढे येते आणि तिचं स्केटिंग मागे राहतं. मी रोलरवरच्या फिगर्स, म्हणजे ठरलेली वर्तुळं गिरवणं, शिकवते आणि तपासतेही, म्हणून आधी तिच्या पायांबद्दल बोलते, राजकारणाकडे नंतर येते.

अलेनाचा जन्म १६ मे १९३१ चा, प्रागचा. घरात आणि प्रेक्षकांतही तिला ‘आया’ म्हणत. तिचं बालपण जर्मन ताब्यातल्या प्रागमध्ये गेलं. त्या शहरात व्ल्तावा नदीतल्या श्त्वानित्से बेटावर १९३० च्या दशकात कृत्रिम बर्फाचं मैदान झालं होतं. आइस हॉकी आणि फिगर स्केटिंग या दोन्ही खेळांतल्या एका अख्ख्या चेक पिढीला त्याने घडवलं. (ती वास्तू २०११ मध्ये पाडली. मला त्याचं फार वाईट वाटतं.) महायुद्ध संपल्यावर आया लंडनला आर्नोल्ड गेर्शविलर यांच्याकडे शिकायला गेली. हे मूळचे स्वित्झर्लंडचे, पण रिचमंडच्या रिंकवर त्यांनी कित्येक दशकं शिकवलं. पुढे १९६४ ची ऑलिंपिक विजेती, हॉलंडची शोके डाइकस्ट्रा हीसुद्धा त्यांचीच शिष्या. विद्यार्थ्याच्या पायाचा कोन आणि खांद्याची रेषा यांत तडजोड न करणारे म्हणून ते ओळखले जात.

आता वर्तुळांकडे येऊ, कारण त्या काळचं स्केटिंग त्याशिवाय समजत नाही.

आज टीव्हीवर आपण जे पाहतो ते सगळं फ्री स्केटिंग आहे: संगीत, उड्या, स्पिन. १९५० साली या भागाला एकूण गुणांत फक्त ४० टक्के वजन होतं. उरलेले ६० टक्के कंपल्सरी फिगर्सचे होते. खेळाडू स्वच्छ बर्फावर उभी राहायची, आखलेलं काहीही नाही, आणि एका वेळी एकाच पायावर राहून इंग्रजी आठाचा (8) आकार काढायची. मग त्याच रेषेवरून पुन्हा, आणि पुन्हा. अक्षरशः पायाने कित्ता गिरवणं. आकारात मध्ये थ्री टर्न, ब्रॅकेट, रॉकर, काउंटर किंवा लूप अशी ठरलेली वळणं असायची. ती बाजूला झाली की परीक्षक बर्फावर वाकून रेघा तपासायचे. वर्तुळं सारखी आहेत का, दोन्ही एका अक्षावर बसतात का, तीन रेघांमध्ये अंतर किती पडलंय, वळणाच्या टोकाला पात्याची कड आधीच बदलली का, हे सगळं बर्फावर उमटलेलं असायचं. पडलीस तरी हसून पुढे जा, असं तिथे चालत नाही. चूक बर्फावर कोरलेली राहते आणि परीक्षक ती पाहत असतात.

पात्याला दोन कडा असतात, आतली आणि बाहेरची, ज्यांना आपण इनसाइड आणि आउटसाइड एज म्हणतो. मुलं सुरुवातीला सरळ पात्यावर, म्हणजे दोन्ही कडांवर उभी राहतात, कारण तिथे सुरक्षित वाटतं. फिगर्समध्ये तसं चालत नाही. पूर्ण वर्तुळभर एकच कड धरायची, वेग आपोआप कमी होत असताना धरायची, आणि शरीर ज्या बाजूला झुकलंय ती बाजू सोडायची नाही. रोलरवर आपल्याला जमिनीवर रंगवलेली रेघ मिळते, ती चाकांखाली धरून चालायचं असतं. बर्फावर ती सोय नव्हती, वर्तुळ डोक्यात असावं लागायचं. बाकी कडेची शिस्त तीच.

या शिस्तीतून आया घडली. आणि त्याच शिस्तीतून तिने ज्यासाठी तिची नोंद आहे ती गोष्ट केली: स्पर्धेत डबल लुट्झ, म्हणजे हवेत दोन गिरक्यांची लुट्झ उडी, टाकणारी ती पहिली स्त्री. वर्ष १९४९.

लुट्झ ही उडी ऑस्ट्रियाच्या आलोइस लुट्झ यांच्या नावाची, १९१३ सालची. तुमच्या मुलीच्या यादीतही ती येईलच, रोलरवर टो-स्टॉप, म्हणजे बुटाच्या टोकाचा ठोकळा, टेकवून. तिची अडचण अशी. डाव्या बाजूने गिरकी घेणारी मुलगी डाव्या पायाच्या मागच्या आउटसाइड एजवरून उलटी येते. या कडेवर तिचा मार्ग एका दिशेला वळत असतो, आणि उडी मारायची ती नेमकी त्याच्या विरुद्ध दिशेला गिरकी घेऊन. बाकीच्या नेहमीच्या उड्यांत येण्याचं वळण आणि गिरकी एकाच बाजूची असतात, त्यामुळे वळणाची गती गिरकीला मदत करते. लुट्झमध्ये ती मदत मिळत नाही. उजव्या पायाचं टोक मागे टेकवायच्या क्षणापर्यंत शरीर बाहेरच्या कडेवर धरून ठेवायचं असतं आणि सगळी इच्छा आत घसरायची असते. शंभरातल्या बहुतेक मुली शेवटच्या क्षणी आत घसरतात, कड बदलते, आणि उडी लुट्झ न राहता फ्लिप, म्हणजे आतल्या कडेवरून घेतलेली सोपी उडी, होते. आजच्या मोठमोठ्या विजेत्यांचेही यासाठी गुण कापले जातात.

म्हणून मला आयाच्या उडीचं कौतुक केवळ ‘पहिली’ म्हणून वाटत नाही. त्या काळी बूट मऊ चामड्याचे असत, घोट्याला आजच्यासारखा आधार नव्हता. सरावाचा बहुतांश वेळ फिगर्सवर जायचा, कारण गुण तिथे होते. उड्यांना वेळ उरायचा तो थोडाच. तरी तिने अशी उडी निवडली जिच्यात कड धरून ठेवण्याचीच परीक्षा आहे. माझ्या मते हा योगायोग नाही. मागची आउटसाइड एज वर्तुळभर धरणाऱ्या मुलीला लुट्झच्या आधीची ती लांब, तिरकी घसरण परकी वाटत नाही. उडी मारायला ताकद आणि हिंमत वेगळी लागते, ती तिच्याकडे होतीच, पण जमिनीवरचं अर्धं काम वर्तुळांनी करून ठेवलेलं होतं. तुमच्या मुलीचे सर वर्तुळं गिरवून घेतात त्याचं कारण हेच. फक्त त्यांना एक विनंती करा: वर्तुळाचा सराव आणि त्या कडेवरून सुटणारी उडी एकाच दिवशी, एकापाठोपाठ घ्या. दोन्हींचा संबंध मुलीच्या पायाला कळला की कंटाळा बराचसा जातो.

तिचे निकाल वर्षवार पाहिले की चढण दिसते. १९४८ च्या जानेवारीत युरोपियन स्पर्धा प्रागमध्येच झाली आणि घरच्या प्रेक्षकांसमोर ती तिसरी आली. पहिली कॅनडाची बार्बरा अॅन स्कॉट, दुसरी ऑस्ट्रियाची एव्हा पाव्लिक. काही दिवसांत सेंट मॉरिट्झचं ऑलिंपिक झालं. तिथे चौथ्या आणि पाचव्या क्रमांकावर दोन्ही चेकोस्लोव्हाक मुली होत्या, यिर्झिना नेकोलोवा आणि आया. त्याच फेब्रुवारीच्या २५ तारखेला प्रागमध्ये कम्युनिस्टांनी सत्ता पूर्णपणे हाती घेतली.

स्कॉट ऑलिंपिकनंतर व्यावसायिक झाली आणि गादी रिकामी झाली. १९४९ ला मिलानमध्ये आया युरोपात दुसरी आली, पाव्लिकच्या मागे. पॅरिसच्या जागतिक स्पर्धेत पाव्लिकला मध्येच माघार घ्यावी लागली आणि सुवर्ण आयाला मिळालं. ‘पाव्लिक असती तर?’ असा प्रश्न मग अनेकांनी विचारला. त्याचं उत्तर पुढच्या हंगामात आहे. १९५० ला ऑस्लोमध्ये ती युरोपची विजेती झाली आणि मार्चमध्ये लंडनला वेंब्लीत तिने जागतिक विजेतेपद राखलं. दोन्ही वेळा तिच्या मागे दुसरी होती ती ब्रिटनची जनेट आल्टवेग.

या आल्टवेगबद्दल आपल्याला थोडं जास्त आपुलकी वाटायला हरकत नाही, कारण तिचा जन्म मुंबईचा, १९३० सालचा. वाढली लिव्हरपूलला. टेनिसही खेळायची, विम्बल्डनच्या मुलींच्या गटात अंतिम फेरीपर्यंत गेली होती. तिचे प्रशिक्षक झाक गेर्शविलर, म्हणजे आर्नोल्ड यांचे थोरले भाऊ. दोन भाऊ, लंडनमधल्या दोन रिंक आणि जगातल्या पहिल्या दोन मुली. फिगर्समध्ये आल्टवेग अप्रतिम होती, आया तिच्या जवळपास राहायची आणि फ्री स्केटिंगमध्ये उड्यांच्या जोरावर पुढे निघायची.

वेंब्लीची स्पर्धा संपली आणि आया प्रागला परत गेली नाही. तेव्हा ती १८ वर्षांची होती.

हा निर्णय तिने एकटीने, अचानक घेतला असं समजू नये. खेळाडूंनी परदेशातून न परतणं तेव्हा सुरू झालं होतं. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकनंतर जिम्नॅस्टिक्सच्या पदाधिकारी मारिए प्रोवाझनिकोवा परतल्या नाहीत. १९४९ च्या जुलैत टेनिसपटू यारोस्लाव द्रोब्नी आणि व्लादिमीर चेर्निक स्वित्झर्लंडमधल्या स्पर्धेतून परतले नाहीत. सरकारच्या दृष्टीने परदेशी जाणारा प्रत्येक खेळाडू संशयित होता. परत गेलं तर पुढच्या वेळी बाहेर सोडतील का, लंडनला सराव करू देतील का, कुणाला काही बोलता येईल का, हे सगळे प्रश्न तिच्यासमोर होते.

पुढे आठवडाभरात जे घडलं त्यावरून ती भीती खोटी नव्हती हे कळतं. त्याच मार्चमध्ये लंडनलाच आइस हॉकीची जागतिक स्पर्धा होती. चेकोस्लोव्हाकियाचा संघ गतविजेता होता. खेळाडू विमानतळावर पोहोचले आणि त्यांना जाऊ दिलं नाही. रेडिओच्या बातमीदारांना ब्रिटनने व्हिसा नाकारला, असं कारण सांगितलं गेलं. चिडलेल्या खेळाडूंनी १३ मार्चला प्रागच्या एका दारूच्या दुकानात सरकारविरुद्ध मोठ्याने बोलून राग काढला आणि तिथेच धरपकड झाली. ऑक्टोबरमध्ये देशद्रोहाचा बंद दाराआडचा खटला चालला. गोलरक्षक बोहुमिल मोद्रीला १५ वर्षं, गुस्ताव बुब्निकला १४ वर्षं. अनेकांना याखिमोव्हच्या युरेनियमच्या खाणींत पाठवलं. जगज्जेत्या संघाची ही गत झाली. आया परत गेली असती तर तिचं काय झालं असतं, याचा अंदाज मी बांधत नाही, पण तिने धोका ओळखला होता एवढं नक्की.

किंमत तिने मोजली. पुढे आई तिच्याकडे येऊ शकली, वडील मागेच राहिले. मायदेशी तिचं नाव घेणं बंद झालं. ज्या देशाने प्रागच्या स्पर्धेत तिच्यासाठी टाळ्या वाजवल्या होत्या तिथल्या पुढच्या पिढीला आपल्याकडे अशी एक विश्वविजेती झाली हे शाळेत किंवा क्रीडापानावर कळायची सोय नव्हती.

आणि ऑलिंपिक गेलं. तिथे प्रवेश देशाच्या ऑलिंपिक समितीमार्फत मिळतो, आणि निर्वासिताला समिती नसते. शिवाय तेव्हा फक्त हौशी खेळाडूंना परवानगी होती. शोमध्ये एकदा पैसे घेतले की दार बंद. १८ वर्षांच्या, हातात काही नसलेल्या मुलीला पैसे घेण्यावाचून दुसरा रस्ता कुठला? ती अमेरिकेला गेली, आधी आइस फॉलीज आणि नंतर आइस केपेड्स या मोठ्या फिरत्या शोंची नायिका झाली. उच्चाराला सोपं म्हणून आया झानोवा हे नाव घेतलं.

१९५२ ला ऑलिंपिक भरलं ते ऑस्लोमध्ये, जिथे दोन वर्षांपूर्वी आया युरोपची विजेती झाली होती. सुवर्ण आल्टवेगने जिंकलं. फ्री स्केटिंगमध्ये ती चौथी होती, फिगर्समध्ये मिळवलेल्या आघाडीने तिला वर ठेवलं. या निकालात आल्टवेगचा काही दोष नाही, ती नियमांप्रमाणे सर्वोत्तम होती. त्यानंतर तिनेही लाखोंचे करार नाकारले आणि स्वित्झर्लंडमध्ये अनाथ मुलांसाठी असलेल्या पेस्टालोझी बालग्रामात कामाला गेली. पण तुम्ही विचारलं आहे म्हणून सांगते: १९५० मध्ये आल्टवेगला दोनदा हरवणारी मुलगी तेव्हा २० वर्षांची होती आणि रोज रात्री शो करत होती. पदक न मिळण्यामागे कौशल्याचा काहीही प्रश्न नव्हता.

शोमधल्या कामाला काही लोक कमी लेखतात. मला ते पटत नाही. फिरत्या शोचा बर्फ लहान असतो, रोज तयार केलेला, कधी ओलसर, कधी ठिसूळ. डोळ्यांवर प्रकाशझोत असतो आणि कठड्याकडचा भाग अंधारात. अंतराचा अंदाज येत नाही. अशा बर्फावर आठवड्याला अनेक प्रयोग, वर्षानुवर्षं, दुखापती सांभाळून करायचे म्हणजे पायाखालची कड विचार न करता सापडायला हवी. हे तिने दीर्घकाळ केलं.

न्यूयॉर्कमध्ये तिने पॉल स्टाइंडलर या चेक निर्वासिताशी लग्न केलं. ते शेफ होते आणि बदकाच्या पदार्थांसाठी प्रसिद्ध असलेलं ‘डक जॉइंट’ नावाचं रेस्टॉरंट चालवत. शहरातल्या चेक वस्तीत ती शेवटपर्यंत मिसळलेली होती. कम्युनिस्ट राजवट १९८९ मध्ये कोसळल्यावर तिचं नाव मायदेशी पुन्हा घेतलं जाऊ लागलं. चेक सरकारने २००४ मध्ये तिला मेडल ऑफ मेरिट दिलं, २००९ मध्ये जागतिक फिगर स्केटिंगच्या हॉल ऑफ फेममध्ये तिचा समावेश झाला. ३० जुलै २०१५ ला न्यूयॉर्कमध्ये ती गेली, ८४ वर्षांची होऊन.

कंपल्सरी फिगर्सचं वजन पुढे घटत गेलं. १९७३ मध्ये शॉर्ट प्रोग्रॅम, म्हणजे ठरलेल्या उड्या-स्पिनचा संगीतावरचा छोटा भाग, आला तेव्हा ते ४० टक्क्यांवर आलं, मग ३०, आणि १९९० नंतर आंतरराष्ट्रीय स्पर्धेतून त्या बादच झाल्या. टीव्हीवर त्या कंटाळवाण्या दिसत, रिंकवर तासन्‌तास बर्फ अडकून राही, ही कारणं मला मान्य आहेत. तरी त्यांच्याबरोबर कडेची एक खोल समज बऱ्याच शाळांतून निघून गेली. आपल्या रोलरवर फिगर्स अजून शिकवल्या जातात, ही मोठी ठेव आहे. त्या काळच्या बातमीपटांचे तुकडे इंटरनेटवर सापडतात, मुलीला दाखवा. उडी कितीची आहे ते मोजू नका, उडीच्या आधीचे दोन सेकंद डाव्या पायाकडे पाहायला सांगा.

तिच्यानंतर कोण, याचं उत्तर पटकन देते. एव्हा रोमानोवा आणि पावेल रोमान या बहीणभावाने आइस डान्समध्ये १९६२ ते १९६५ सलग चार जागतिक विजेतेपदं मिळवली, त्यातलं पहिलं प्रागमध्येच. ब्रातिस्लाव्हाचा ओंद्रेई नेपेला हा स्लोव्हाक, १९७२ चा ऑलिंपिक विजेता. ब्रातिस्लाव्हाच्याच योझेफ साबोव्चिकने १९८६ ला कोपनहेगनमध्ये चार गिरक्यांची उडी घेतली. ती आधी मान्य झाली, नंतर मोकळा पाय बर्फाला टेकला म्हणून रद्द ठरली. प्रागच्या पेत्र बार्नाने १९९२ ला आल्बेरव्हिलमध्ये ऑलिंपिकमधली पहिली चार गिरक्यांची उडी पूर्ण केली आणि कांस्य जिंकलं. राद्का कोवार्झिकोवा आणि रेने नोवोत्नी १९९५ चे जोडीतले विश्वविजेते, तोमाश व्हेर्नर २००८ चा युरोपियन विजेता. महिला एकेरीत सगळ्यात जवळ पोहोचली ती हाना माश्कोवा: १९६८ ची युरोपियन विजेती आणि ग्रेनोबल ऑलिंपिकमध्ये कांस्य. चारच वर्षांनी फ्रान्समध्ये मोटार अपघातात ती गेली. महिलांचं जागतिक विजेतेपद १९५० नंतर चेक किंवा स्लोव्हाक मुलीला अजून मिळालेलं नाही.